आर्मेनियाचं परराष्ट्र खातं सांभाळायला घेताय? मग हे वाचा

उद्या कोणी तुम्हाला आर्मेनियाचं परराष्ट्रमंत्रिपद देऊ केलं, तर आढेवेढे न घेता स्वीकारा. देश आटोपशीर, लोकसंख्या तीस लाखांच्या आसपास. समुद्रकिनारा नाही, त्यामुळे आरमाराची कटकट नाही. शेजारी चार, त्यांतल्या तुर्कस्ताननं १९९३ साली सीमा बंद केली आणि अझरबैजानची त्याच्याही आधीपासून बंद आहे. म्हणजे निम्मं खातं तुम्ही यायच्या आधीच निकालात निघालंय. उरले जॉर्जिया आणि इराण. जॉर्जियातून रशियाकडे जाणारा लार्सचा घाट हिवाळ्यात बर्फानं बंद पडतो आणि इराणवर निर्बंध असतात, एवढं वगळलं तर दळणवळण झकास.

रुजू झाल्यावर खिडकीबाहेर फार वेळ पाहू नका. आभाळ स्वच्छ असेल तर अरारात पर्वत दिसेल. तो देशाच्या राजमुद्रेवर आहे, कोन्याकच्या बाटलीवर आहे, उभा मात्र तुर्कस्तानात आहे. सीमेवर पासपोर्टवर मारायच्या शिक्क्यातही तो होता. २०२५ साली सरकारनं त्याला तिथून हलवायचं ठरवलं. पर्वत हलवणं इतकं सोपं असतं हे तुमच्या आधीच्या लोकांना सुचलं नव्हतं.

त्यांना आणखीही बरंच सुचलं नव्हतं. काराबाख म्हणजे अझरबैजानच्या हद्दीतला आर्मेनियन वस्तीचा प्रदेश. त्यावरून झालेल्या पहिल्या युद्धानंतर, १९९४ पासून, काराबाखच नव्हे तर भोवतालचे सात जिल्हेही आर्मेनियन फौजांच्या हाती होते. लाखो अझरबैजानी घरादाराला मुकले होते. पारडं आपल्या बाजूला असताना तडजोडीची घाई करू नये, वेळ आपल्याच बाजूनं आहे, हा सल्ला त्या काळी राजधानी येरेव्हानमध्ये तंतोतंत पाळला गेला. तिकडे अझरबैजानच्या राजधानीला, बाकूला, तेलाचा पैसा येत राहिला. रशिया, अमेरिका आणि फ्रान्सच्या अध्यक्षतेखालचा मध्यस्थांचा मिन्स्क गट १९९२ पासून हे भिजत घोंगडं सांभाळत होता. २०२५ साली दोन्ही देशांनी मिळून त्याला विसर्जित करायला सांगितलं. गटाच्या प्रवासखर्चाची चौकशी करू नका, वाईट दिसतं.

आता रशिया. हे प्रकरण जरा सावकाश समजून घ्या. तो संबंध विम्यासारखा आहे: हप्ता तुम्ही भरायचा, अपघात झाल्यावर कळतं की तुमचा अपघात पॉलिसीत बसत नाही. हप्ता म्हणजे ग्युमरीचा लष्करी तळ (करार २०४४ पर्यंत), गॅसच्या वाहिन्या रशियाच्या गाझप्रॉम कंपनीकडे, रेल्वे रशियन रेल्वेकडे. २०२२ च्या सप्टेंबरमध्ये अझरबैजाननं खुद्द आर्मेनियाच्या हद्दीत हल्ला केला, तेव्हा येरेव्हाननं रशियाच्या पुढाकारातल्या सामूहिक सुरक्षा कराराची आठवण करून दिली. एकावर हल्ला म्हणजे सर्वांवर हल्ला, असं त्यात लिहिलंय. उत्तरादाखल पाहणी पथक आलं, आणि सीमा नेमकी कुठे आहे हेच कुठे ठरलंय, असा बिनतोड प्रश्नही आला.

त्याच डिसेंबरात पर्यावरणप्रेमी म्हणवणाऱ्या अझरबैजानी मंडळींनी काराबाखला जाणारा लाचिनचा रस्ता अडवला. २०२० च्या दुसऱ्या युद्धानंतर आलेले रशियाचे सुमारे दोन हजार शांतिसैनिक तिथेच होते. त्यांनी शांतता राखली. २०२३ च्या सप्टेंबरात अझरबैजाननं दोन दिवसांत काराबाख घेतलं आणि लाखाहून अधिक आर्मेनियन आपली घरं सोडून आर्मेनियाच्या दक्षिणेकडच्या स्यूनिक प्रांताच्या रस्त्याला लागले. शांतता तेव्हाही राखली गेली.

तुम्ही चिडाल. चिडा, पण बेतानं. पंतप्रधान पाशिन्यान यांनी २०२४ मध्ये त्या सामूहिक सुरक्षा कराराच्या संघटनेतला सहभाग गोठवला. सोडली नाही, गोठवली. त्याच वर्षी आर्मेनिया आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयाचा सदस्य झाला, आणि त्या न्यायालयाचं पुतिन यांच्यावर वॉरंट आहे, त्यामुळे ते येरेव्हानला आले तर कायद्यानं त्यांना अटक करावी लागेल. यावर उपाय सोपा आहे: तुम्हीच मॉस्कोला जा. रशियाच्या पुढाकारातला युरेशियन आर्थिक संघ सोडू नका, आणि युरोपीय संघात जायचा कायदाही करून ठेवा. तो २०२५ साली झालेलाच आहे.

धर्मावरून मित्र ठरवायचा मोह आवरा. शियाबहुल अझरबैजान इस्रायलकडून शस्त्रं घेतो आणि त्याला तेल विकतो. इराणचं इस्लामी प्रजासत्ताक ख्रिस्ती आर्मेनियाच्या पाठीशी, इतकं की २०२२ मध्ये त्यांनी स्यूनिकमधल्या कापान गावी वाणिज्य दूतावास थाटला. पाकिस्ताननं तर बाकूच्या मैत्रीखातर २०२५ च्या ऑगस्टपर्यंत आर्मेनिया नावाचा देशच मान्य केला नव्हता. भारत तुम्हाला पिनाका रॉकेट का देतो, हे त्यावरून ओळखा. ही पिनाका पुण्यात पाषाणच्या संरक्षण संशोधन संस्थेत आकाराला आली. त्यामुळे कॉकेशसच्या राजकारणावर ठाम मत देण्याचा अधिकार आता पुणेकरांना रीतसर मिळाला आहे. पूर्वी ते विनाअधिकार देत.

शेवटी तो रस्ता. अझरबैजानपासून त्याच्याच तुटून पडलेल्या भागापर्यंत, नखचिवानपर्यंत, स्यूनिकमधून, साधारण ४३ किलोमीटर. तो कोणाच्या ताब्यात असावा यावर वर्षानुवर्षं घोडं अडलं होतं. ८ ऑगस्ट २०२५ रोजी वॉशिंग्टनमध्ये तोडगा निघाला: रस्त्याला ट्रम्प यांचं नाव. ताबा, जकात, तपासणी या किरकोळ बाबी नंतर पाहता येतील. इराणच्या सर्वोच्च नेत्याच्या सल्लागारांनी हा रस्ता ट्रम्प यांच्या भाडोत्री सैनिकांची दफनभूमी ठरेल असं सांगितलं, पण ते सीमेवरच्या नदीपलीकडून.

तेव्हा पहिल्या दौऱ्याला या रस्त्यावरच्या, इराणच्या सीमेलगतच्या मेघरीला जाल तेव्हा बसायचा तक्ता आधी करून घ्या. रस्ता अमेरिकेच्या नावाचा, इराणच्या सीमेवर अजून रशियन पहारा, कापानमध्ये दुर्बीण घेतलेले युरोपीय निरीक्षक आणि इराणचे वाणिज्यदूत एकाच गावात. फ्रेंच तोफा देणाऱ्यांनाही बोलवावं लागेल. प्रत्येकाला वाटलं पाहिजे की यजमानाच्या उजव्या हाताला आपणच बसलोय. दोनच हात असल्याची तक्रार वरिष्ठांकडे करू नका. ती त्यांनी आधीच ऐकलेली आहे.