युद्धात प्रश्न विचारणारा पत्रकार गद्दार असतो का? त्या व्हायरल मेसेजला उत्तर

2025 च्या मे महिन्यात ऑपरेशन सिंदूर चालू असताना एक मेसेज आपल्या जळगाव-धुळे-नंदुरबारच्या ग्रुपवर फिरला आणि सीमेवर जरा काही झालं की तो परत वर येतो. मेसेज थोडक्यात असा: युद्धात पत्रकाराने सरकार सांगेल तेवढंच छापावं, प्रश्न विचारेल तो शत्रूचा माणूस, 26/11 ला मीडियामुळेच आपली माणसं गेली, 62 ला आणि 71 ला कोणी तोंड उघडलं नव्हतं, आणि प्रश्नांमुळे जवानांचं मनोधैर्य खचतं. मला तो पाठवणाऱ्यांत शिक्षक आहेत, रिटायर्ड फौजी आहेत, घरची माणसं आहेत, म्हणून सोडून न देता एकेक मुद्दा घेऊन लिहितोय.

"26/11 ला मीडियामुळे नुकसान झालं"

यात तथ्य आहे, आणि ते आधी मान्य करतो. नरिमन हाऊसवर कमांडो हेलिकॉप्टरमधून उतरत होते ते चॅनेलवाले लाइव्ह दाखवत होते, आणि तिकडे पाकिस्तानात बसलेले हँडलर टीव्ही बघून फोनवर सूचना देत होते. सुप्रीम कोर्टाने 2012 च्या कसाबच्या निकालात यावरून चॅनेलांना चांगलंच झापलंय. आता तर केबल टीव्हीच्या नियमांतच आहे की अतिरेक्यांविरुद्धची कारवाई लाइव्ह दाखवायची नाही, नेमलेला अधिकारी वेळोवेळी सांगेल तेवढंच द्यायचं, आणि 26 एप्रिल 2025 ला केंद्राने सगळ्या चॅनेलांना त्याची परत आठवणही करून दिली होती. हे बरोबरच आहे. आपल्याकडे भुसावळ आणि वरणगावला ऑर्डनन्स फॅक्टऱ्या आहेत, भुसावळसारखं मोठं जंक्शन आहे, उद्या कोणी छापलं की अमुक रात्री इथून काय माल कुठे गेला, तर त्याच्या विरोधात मी पहिला उभा राहीन. पण भाऊ, तुकडी कुठे आहे ते न सांगणं वेगळं आणि जे घडून गेलं ते खरं का खोटं हे न विचारणं वेगळं. मेसेज लिहिणाऱ्याने दोन्ही एकाच पोत्यात भरलंय. 26/11 ची चूक सगळ्यात आधी दाखवायच्या घाईतून झाली, तिथे कोणी सरकारला प्रश्न विचारला म्हणून काही बिघडलं नव्हतं.

"सरकार सांगेल तेवढंच छापा"

मग 8 मे 2025 च्या रात्री टीव्हीवर काय चाललं ते आठवा. नौदलाने कराची बंदर उडवलं, आपलं सैन्य इस्लामाबादमध्ये घुसलं, पाकिस्तानच्या लष्करप्रमुखाला अटक झाली. सरकारने यातलं काहीही सांगितलेलं नव्हतं, आणि खरंही काही नव्हतं. सांगणारे कोण होते, तर प्रश्न न विचारणारे अँकर.

आमच्या गल्लीत एका बाईंचा मुलगा तेव्हा जम्मूकडे ड्युटीवर होता, त्याचा फोन लागत नव्हता, आणि घरात टीव्ही चालू, त्यात दर दोन-चार मिनिटांनी स्टुडिओतून सायरनचा आवाज, आणि आवाज झाला की त्या उठून ओट्यावर यायच्या, उभं राहायचं, परत आत जायचं. शेवटी सुनेने टीव्हीची पिनच काढली. त्या सायरनबद्दल पुढे गृह खात्याला चॅनेलांना सांगावं लागलं की बाबांनो कार्यक्रमात हा आवाज वाजवू नका, कारण लोकांना त्याची सवय झाली की खऱ्या वेळी कोणी हलणार नाही. 7 मे च्या मॉक ड्रिलच्या सरकारी यादीत आपलं भुसावळ होतं हे विसरू नका, म्हणजे हा धोका दिल्ली-जम्मूपुरता नव्हता.

आणि पूंछमधले ते शिक्षक. तोफांच्या माऱ्यात मेलेला साधा माणूस, आणि काही चॅनेलांनी त्यांचा फोटो लावून अतिरेकी मारला म्हणून दाखवलं, शेवटी पूंछच्या पोलिसांना खुलासा करावा लागला. तिथल्या पोलीस ठाण्यात एक फोन केला असता तरी कळलं असतं. मला त्या सगळ्या आठवड्यातली ही गोष्ट सगळ्यात जास्त लागली, घरात मयत झालेली आणि देशभर बाप अतिरेकी म्हणून टीव्हीवर.

हे "सरकार सांगेल तेवढंच" आपल्या खान्देशाने भोगलेलंही आहे. 1942 ला दुसरं महायुद्ध चालू होतं. 8 ऑगस्टला इंग्रज सरकारने हुकूम काढला की चले जाव आंदोलनाची बातमी फक्त सरकारी सूत्रांकडून, ठरावीक वृत्तसंस्थांकडून, नाहीतर जिल्हा मॅजिस्ट्रेटकडे नाव नोंदवलेल्या वार्ताहराकडूनच छापायची. कारण हेच दिलेलं, युद्ध चालूय. बरोबर महिन्याभराने, 9 सप्टेंबरला, नंदुरबारला शाळकरी पोरांवर गोळीबार झाला, शिरीषकुमार आणि त्याच्यासोबतची चार पोरं गेली. दरवर्षी आपण त्या पोरांना हार घालतो. ज्या सरकारने गोळी घातली तेच बातमी कोणी द्यायची ते ठरवत होतं, आणि आज आपलीच माणसं तसाच नियम मागतायत, हे बघून खरंच वाईट वाटतं.

"62 ला, 71 ला कोणी प्रश्न विचारले नाहीत"

साफ चुकीचं आहे. 62 ला चीनशी लढाई चालू असताना, 8 नोव्हेंबरला, संसदेचं अधिवेशन सुरू झालं, वाजपेयींनी ते लवकर बोलवा म्हणून मागणी केली होती आणि नेहरूंनी ती मानली. कृष्ण मेनन यांना संरक्षण खातं सोडावं लागलं ते पेपरांनी, विरोधकांनी आणि त्यांच्याच पक्षाच्या खासदारांनी धरून लावलं म्हणून. हिमालयाच्या मदतीला सह्याद्री धावला असं यशवंतरावांबद्दल आपण छाती फुगवून सांगतो ना, ती जागा अशी रिकामी झाली होती.

71 चं तर उलटंच आहे. पाकिस्तानने मार्चमध्ये परदेशी पत्रकारांना ढाक्यातून हाकललं, मग स्वतःच्या भरवशाच्या पाकिस्तानी पत्रकारांना दौऱ्यावर नेलं, त्यातले अँथनी मस्कारेन्हास लंडनला निघून गेले आणि 13 जून 1971 ला तिथल्या पेपरात कत्तलीची बातमी छापली, जगाला तिची व्याप्ती तेव्हा कळली. आणि पाकिस्तानातली जनता? ती शेवटपर्यंत आपण जिंकतोय असंच ऐकत होती, 16 डिसेंबरला एकदम शरणागती कळली. ज्या देशात मेसेजमधल्यासारखी पत्रकारिता होती तो देश ते युद्ध हरला.

कारगिलनंतर सरकारने चूक कुठे झाली ते शोधायला के. सुब्रह्मण्यम समिती नेमली, तिच्या चार सदस्यांत बी. जी. वर्गीस हे पत्रकार होते, आणि अहवाल संसदेत मांडला गेला. इतकंच सांगतो.

"जवानांचं मनोधैर्य खचतं"

11 मे 2025 ला पत्रकार परिषदेत नुकसानीबद्दल थेट विचारलं गेलं. एअर मार्शल ए. के. भारती म्हणाले की लढाईत नुकसान हा भाग असतोच, आणि अजून आपण लढाईच्या स्थितीत आहोत म्हणून जास्त काही बोलणार नाही. 31 मे ला सिंगापूरला सीडीएस, म्हणजे संरक्षण दलप्रमुख, अनिल चौहान यांनी आपली विमानं पडल्याचं मान्य केलं, आकडा दिला नाही. तिथेच त्यांनी सांगितलं की सैन्याचा जवळपास 15 टक्के वेळ खोट्या बातम्यांना तोंड देण्यात गेला. म्हणजे फौजींचा वेळ कोणी खाल्ला ते फौजेच्या सगळ्यात मोठ्या अधिकाऱ्यानेच सांगितलंय. विमानांचा हाच प्रश्न 8-9 मे ला विचारणाऱ्यांना ग्रुपवर पाकिस्तानी म्हणून झालं होतं, त्यातल्या एकानेही नंतर दुरुस्ती टाकलेली मला दिसली नाही.