लाडवांच्या डब्याआधी प्रमाण द्या

बाळंतिणीचे डिंकाचे लाडू विकत आणावेत की आईनेच करावेत, यावर तिकडे महाराष्ट्रात हिरिरीने वाद चालतो. एक बाजू म्हणते, विकतच्या लाडवात माया कुठली? दुसरी विचारते, मायेच्या नावाखाली बायकांनी किती राबायचं? मला दुसरी बाजू जास्त पटते. पण पुण्या-कोल्हापुरात डबा संपला तर हाकेच्या अंतरावर काकू असते, दुकान असतं. परदेशात बाळंतपणाला आलेल्या आईचा व्हिसा संपतो, ती परतते आणि लेकीचं अडतं. डबा पोचेलच असंही नाही. ऑस्ट्रेलियात उतरताना खाण्याची प्रत्येक वस्तू जाहीर करावी लागते. दुबई-सिंगापूरला तर खसखस न्यायला बंदीच आहे, तिथे तीळ घालावेत.

म्हणून आयांना कळकळीने सांगणं आहे, डब्याआधी प्रमाण द्या, तेही ग्रॅममध्ये. तुमची वाटी लेकीच्या घरात नाही.

साधारण असं: डिंक 100 ग्रॅम, किसलेलं सुकं खोबरं आणि खारकेची पूड प्रत्येकी 250, बदाम 100, खसखस 50, गूळ 350, तूप 200, वर जायफळ.

गफलत डिंकापासूनच होते. दुकानात गोंद कतिरा नावाचा वेगळाच डिंक शेजारीच असतो. तो पाण्यात फुगतो, तुपात नाही. खाण्याचा डिंक हरभऱ्याएवढा कुटून घ्यावा. खडे मोठे राहिले तर बाहेरून फुलतात, आत कच्चे राहतात आणि दाताला चिकटतात. सादळलेला डिंकही फुलत नाही, तो आधी उन्हात वाळवावा. ऊन नसेल तर ओव्हन मंद तापवून बंद करावा आणि त्यात डिंक पसरून ठेवावा. मग तुपात मध्यम आचेवर, चमचाभरच एका वेळी, तळावा. फुललेला दाणा बोटाने चुरडून बघावा. मधे खडा लागला तर आच जास्त आहे.

खोबऱ्याऐवजी डेसिकेटेड कोकोनट घेतलं तर ते बिनसाखरेचं आहे ना, हे पाकिटावर वाचावं. ते कोरडं असतं, तूप दोन चमचे वाढवावं लागतं.

गुळाचा पाक करायचा नाही, नुसता विरघळवायचा. विजेची कॉइलची शेगडी बंद केल्यावरही तापलेली राहते, त्यामुळे कढई लगेच खाली उतरवावी. नाहीतर पाक पुढे जातो आणि लाडू दगड होतात.

हे सगळं आठव्या महिन्याच्या आत एकदा करून बघावं, आणि वजनकाटा जावयाच्या हातात द्यावा. ओल्या बाळंतिणीने स्वतःचे लाडू स्वतः वळायचे नसतात.