ग्रां पोरच्या जागेबद्दल : एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. मॉरिशसच्या ग्रां पोर जिल्ह्यावरच्या लेखावर तुम्ही सडकून लिहिलंत, बरं वाटलं. (खरं सांगायचं तर पहिल्या वाचनात बरं वाटलं नव्हतं.) तुमचे आक्षेप तीन. 1948 मध्ये तिथे पहिल्यांदा भारतीय वंशाचे लोक निवडून आले, हे माझं विधान चूक. जिल्हा ही गोऱ्यांनी आखलेली रेघ, 1967 नंतर मतदानाशी तिचा संबंध उरला नाही, मग तिचं एवढं कौतुक कशाला? आणि मराठी ब्लॉग असून मराठी माणसाचा उल्लेखसुद्धा नाही.

पहिली चूक कबूल. 1926 सालीच धनपत लाला ग्रां पोरमधून आणि राजकुमार गजाधर फ्लाक जिल्ह्यातून विधिमंडळावर निवडून आले होते. म्हणजे मी ज्या जिल्ह्यावर लेख लिहिला त्याच जिल्ह्यातली ही घटना, आणि नेमकी तीच माझ्याकडून सुटली. याला काय म्हणायचं!

पण त्या निवडणुकीत मत कोणी दिलं, हेही पाहा ना. 1886 पासूनची व्यवस्था अशी होती : राजधानी पोर्ट लुईला दोन जागा, बाकीच्या आठ जिल्ह्यांना प्रत्येकी एक. मतदार व्हायला मालमत्ता नाहीतर ठरावीक पगार लागायचा. बेटावर दोन तृतीयांश लोक भारतीय वंशाचे, आणि अख्ख्या बेटाची मतदारयादी जेमतेम चार हजारांची. 1926 पर्यंत तुकडे करून विकलेल्या ऊसमळ्यांतली जमीन घेतलेले काही भारतीय त्या यादीत आले होते, म्हणून लाला निवडून येऊ शकले. त्यांच्याच जिल्ह्यात ऊस तोडणारा मजूर मात्र यादीबाहेरच होता.

तो आत आला 1948 मध्ये. नव्या घटनेने अट सैल केली : बेटावरच्या कुठल्याही मान्य भाषेत साधं वाक्य लिहिता-वाचता आलं की झालं. समाजसुधारक बासदेव बिसुनदयाल यांच्या स्वयंसेवकांनी गावोगावच्या बैठकांत, दिवसभर उसात राबलेल्या माणसांना रात्री कंदिलाखाली सही करायला शिकवलं. सुमारे 12 हजारांची यादी 71 हजारांवर गेली. ग्रां पोर आणि शेजारचा सवान जोडून तीन जागांचा एक मतदारसंघ केला होता, तिथून बासदेवांचे भाऊ सुखदेव निवडून आले. म्हणून माझं वाक्य तारखेला चुकलं तरी 1948 वरचा माझा जोर मी मागे घेत नाही.

आता रेघेचं. 1959 ला प्रौढ मताधिकार आला तेव्हा मतदारसंघ आखणाऱ्या ट्रस्ट्रम ईव्ह आयोगाने बेटाचे 40 तुकडे केले. उद्देश उघड होता : कुठल्याही समाजाला आपण बुडालो असं वाटू नये. पुढे 1967 च्या निवडणुकीआधी बॅनवेल आयोगाने ते दोन-दोन जोडून 20 मतदारसंघ केले, प्रत्येकी तीन जागांचे. रॉड्रिग्ज बेटाच्या दोन जागा वेगळ्या. आज ग्रां पोरचा बराचसा भाग 11 आणि 12 क्रमांकांत आहे. तिथले लोक मतदारसंघाचं नाव घेत बसत नाहीत, सरळ 'नंबर 11' म्हणतात. इथवर तुमचं खरं. पण ग्रां पोर-सवान ही 1948 ची जोडी जिल्हा परिषदेच्या नावात पुढेही टिकली, आणि 2011 च्या कायद्याने दोघांच्या परिषदा वेगळ्या झाल्या. गावपंचायतींनी पाठवलेले सदस्य ग्रां पोरच्या परिषदेत बसतात. माएबूरला ग्रां पोरचं जिल्हा न्यायालय आहे. मेलेल्या रेघेवर कोणी न्यायालय चालवत नाही.

मराठींबद्दलचा आक्षेप मला लागला, कारण उत्तर अडचणीचं आहे. रत्नागिरीकडून मुंबई बंदरातून गेलेल्यांची वस्ती ग्रां पोरपेक्षा वाकोआ, काळी नदी (ब्लॅक रिव्हर जिल्हा), कास्काव्हेल या पश्चिमेकडच्या पट्ट्यात जास्त, म्हणून या जिल्ह्याच्या लेखात ते आले नाहीत. पण निवडणुकीच्या हिशेबात ते कुठेच वेगळे दिसत नाहीत. 'बेस्ट लूझर' म्हणजे हरलेल्यांतून आठ जणांना समाजवार समतोलासाठी आत घ्यायची पद्धत. तिच्यात खाती चारच : हिंदू, मुसलमान, चिनी आणि उरलेले 'जनरल पॉप्युलेशन'. मराठी, तमिळ, तेलुगू सगळे हिंदूंच्या खात्यात. आणि मोजणी अजून 1972 च्या जनगणनेवर, कारण त्यानंतर समाज विचारणंच बंद झालं. तिथे गणेश चतुर्थीची सार्वजनिक सुट्टी आहे, पण या खात्यात मराठी असा रकाना नाही.

मूळ लेखातलं 1948 चं वाक्य काल रात्री बदललं. 1926 आणि दोन्ही नावं घातली आहेत, खाली दुरुस्ती तुमच्या प्रतिक्रियेवरून केल्याचंही लिहिलंय. काळ्या नदीवर वेगळा लेख लिहायला घेतोय, तोही असाच तपासून द्या.