सगळंच हलतं, तर मग नवल कशाचं?

दर क्षणी रूप पालटणाऱ्या एका काल्पनिक जगावरचा लेख वाचला, कल्पना आवडली. नद्या उलट्या वाहतात, दार उघडावं तर समोर रान, वर्णन झकासच. पण 'तिथे कुठलाच नियम नाही, म्हणून ते अद्भुत' हे लेखकांचं म्हणणं काही पटलं नाही. नियमच नसेल तर पाचव्या दारानंतर वाचक जांभया द्यायला लागतो.

आपल्याकडचं सौभनगर बघा, कृष्णाचा वैरी शाल्व राजा याचं, ज्यातून तो द्वारकेवर चालून आला. भागवताच्या दहाव्या स्कंधात हे मयासुरानं घडवलेलं लोखंडी नगर कधी जमिनीवर, कधी आकाशात, कधी डोंगरमाथ्यावर, कधी पाण्यात दिसतं. कधी एकाचं अनेक होतं, कधी दिसेनासंच. पण खाली द्वारका जिथल्या तिथे आहे, म्हणून त्याची धास्ती वाटते. खरा कहर तर पुढे आहे. आधी एक दूत कृष्णाच्या वडिलांना, वसुदेवाला, पकडून नेल्याचा निरोप आणतो, मग शाल्व खोटा वसुदेव उभा करतो आणि कृष्णाच्या डोळ्यांदेखत त्याचं मुंडकं उडवतो. क्षणभर कृष्णही हादरतो. भानावर येऊन पाहतो तो ना निरोप आणणारा दूत, ना वडिलांचं कलेवर! नगराच्या कोलांट्या एकवेळ विसरायला होतील, हा प्रसंग नाही. सगळं फसवं असलं तरी मुलाचं काळीज खरं आहे ना.

मयसभेचंही तेच. पाणी कुठलं आणि फरशी कुठली हे ठाऊक असलेले लोक आजूबाजूला होते, म्हणून दुर्योधनाची फजिती झाली.

लेखकांना एकच विचारायचंय: तुमच्या त्या जगातल्या रहिवाशांना कालचं आठवतं का? आठवत असेल तर पुढचा भाग जरूर लिहा. नसेल तर ते बापडे सुखात आहेत, काही बदललंय याचा त्यांना पत्ताच नाही.