खास तुमच्यासाठी म्हणे!

आज टीव्ही लावला तर वर पाटी, 'खास तुमच्यासाठी', आणि खाली नुसत्या मारामाऱ्या. का, तर काल चिरंजीवांनी त्यावर एक मारधाडीचा पिक्चर बघितला. म्हणजे आता जन्मभर हेच का? डोकंच फिरलं.

१९७२ च्या २ ऑक्टोबरला मुंबई दूरदर्शन सुरू झालं तेव्हा 'तुमच्यासाठी' वगैरे लाड नव्हते. 'गजरा' लागायचा. विनायक चासकरांचा. एक छोटी नाटुकली, मग गाणं, मधे कोणीतरी छान बोलणार, की परत नाटुकली, आणि सगळी नाटकातली कसलेली मंडळी. एखादी गोष्ट नाही आवडली तर थांबायचं, पुढची येतेच आहे. पण बघायचं सगळं.

आम्ही शेजारच्या काकांकडे जायचो, शटरवाला ब्लॅक अँड व्हाइट टीव्ही, दारात चपलांचा ढीग. जागा धरायला आजी आधीच जाऊन बसायची, त्यामुळे शेतीवरचं 'आमची माती आमची माणसं' तिला आपोआप बघावं लागायचं. चाळीत राहणारी बाई, कुंडीत तुळस एवढीच शेती! तरी घरी आल्यावर मला म्हणायची, पोस्टकार्ड घे, गावाकडच्या भाऊजींना लिही, बियाण्याला औषध चोळल्याशिवाय पेरू नका. उलट टपाली भाऊजींचं उत्तर, 'वहिनी, आम्ही काय आज शेती करतोय?' आजीने पुढच्या पत्रात फवारणी सांगितली.

हो, रटाळ पण असायचं बरंच, व्यत्ययाची पाटी तर पाठ होती. मान्य. पुढे.

तर माझा मुद्दा, आजच्या ॲपने आजीला फवारणी दाखवली असती का? कीर्तनं आणि लोणची दाखवली असती, म्हातारी ना ती! सुहासिनी मुळगावकरांचं 'सुंदर माझं घर' आमचे काका मिशीवर पीळ देत बघायचे आणि काकूंना सूचना करायचे, काकू ऐकायच्या नाहीत ती गोष्ट वेगळी. आकाशानंदांचा 'ज्ञानदीप' हा शिकवणारा कार्यक्रम पण तसाच, समोर होता म्हणून बघितला आणि मग आवडायला लागला.

आणि खरा संताप सांगू? त्यातलं कितीतरी आज बघायलाच मिळत नाही. टेप महाग, म्हणून जुनं पुसून त्यावरच नवीन रेकॉर्डिंग. आता चिडून तरी काय, तेव्हा कोणाला वाटलं असेल की हे कोणी परत मागेल म्हणून.

कोणाला 'गजरा'तली एखादी नाटुकली आख्खी आठवत असेल तर कॉमेंटमधे लिहा. लिंका टाकू नका, लिहा.