सेंटामूंनी कायदा सोडला नव्हता

“वकीलसाहेब, हे खास तुमच्यासाठी,” असं वर लिहून आमच्या चर्चच्या मंडळीतल्या एका काकांनी मला एक मेसेज पाठवला. दोन दिवसांनी तोच आम्हा वकिलांच्या बारच्या ग्रुपवर आला. मजकूर साधारण असा: “युगांडाच्या सरन्यायाधीशाने इदी अमीनच्या राज्यात न्याय मेलेला पाहिला. त्याचा कायद्यावरचा विश्वास उडाला. काळा कोट फेकून तो इंग्लंडला गेला, देवाचा सेवक झाला आणि इंग्लंडचा पहिला काळा बिशप बनला. कोर्टात न मिळणारा न्याय त्याला चर्चमध्ये सापडला. एकही डाग नसलेलं आयुष्य!” खाली जॉन सेंटामूंचा फोटो. बारच्या ग्रुपवर त्याखाली एकाने लिहिलं, “हाच ना तो, टीव्हीवर कॉलर कापून नाटक करणारा?”

मी रोज कोर्टात उभा राहतो आणि रविवारी चर्चला जातो. सेंटामूंबद्दल मला मनापासून आदर आहे, म्हणून हा मेसेज तसाच पुढे जाऊ देणं मला जमत नाही. त्यात एका माणसाच्या आयुष्याचं जे करून टाकलंय ते चूक आहे, आणि कायद्याबद्दल त्यातून जे सुचवलंय ते त्याहून चूक आहे.

सरन्यायाधीश ते कधीच नव्हते. सेंटामूंचा जन्म १९४९चा, कंपालाजवळच्या एका गावातला, तेरा भावंडांत सहावा. जन्मतः वजन जेमतेम चार पौंड. मूल हाताशी लागेल याचा भरवसा नव्हता, म्हणून बिशपना बोलावून तातडीने बाप्तिस्मा दिला. १९७१ मध्ये त्यांनी मकेरेरे विद्यापीठातून कायद्याची पदवी घेतली, मग युगांडाच्या हायकोर्टात ॲडव्होकेट झाले आणि थोडा काळ न्यायाधीशाचं काम केलं. देश सोडला तेव्हा वय पंचविशीचं. आपल्याकडे त्या वयाची मुलं सीनियरच्या मागे फायली घेऊन धावत असतात.

युगांडाचे सरन्यायाधीश होते बेनेडिक्टो किवानुका. त्यांचं नाव या मेसेजने पुसून टाकलंय, याचं मला जास्त वाईट वाटतं. ऑगस्ट १९७२ मध्ये युगांडाचा लष्करी हुकूमशहा अमीन याने आशियाई लोकांना नव्वद दिवसांत देश सोडायला सांगितलं. कंपाला-एंटेबीतली गोव्याची कुटुंबंही त्यात होती, आणि ती आठवण त्यांच्या घरांत अजून निघते. त्याच नव्वद दिवसांत, २१ सप्टेंबरला, अमीनच्या माणसांनी किवानुकांना थेट हायकोर्टातून उचलून नेलं. एका ब्रिटिश व्यावसायिकाची अटक बेकायदा ठरवून त्यांनी सुटकेचा हुकूम दिला होता. ते परत आले नाहीत. कायद्याला धरून राहिले म्हणून त्यांचा जीव गेला. सेंटामूंना मोठं करायला त्यांची खुर्ची उसनी घ्यायची काहीच गरज नव्हती.

आता “कायद्यावरचा विश्वास उडाला” याकडे येतो. सगळा मेसेज या एका वाक्यावर उभा आहे.

१९७३ मध्ये सेंटामूंचं मार्गारेट यांच्याशी लग्न झालं. तीन आठवड्यांत अमीनच्या रोषामुळे त्यांना डांबलं गेलं, नव्वद दिवस. त्या दिवसांत आपल्याला फुटबॉलसारखं लाथाडलं आणि बेदम मारलं, असं त्यांनीच पुढे एका भाषणात सांगितलं. १९७४ मध्ये ते ब्रिटनला पोचले. केंब्रिजच्या सेल्विन कॉलेजात त्यांनी ईश्वरविद्येचा अभ्यास घेतला, कायद्याचा नाही. ही गोष्ट मेसेज लिहिणाऱ्याच्या बाजूची आहे आणि ती मी मान्य करतो. ब्रिटनमध्ये ते वकील म्हणून कोर्टात उभे राहिले नाहीत, हेही खरं.

पण पाळकपणाची दीक्षा त्यांनी १९७९ मध्ये घेतली. मधल्या वर्षांत काय घडलं ते मेसेजमध्ये नाही. युगांडाचे आर्चबिशप होते जनानी लुवुम. अमीनचे सैनिक मनाला येईल त्याला उचलत होते, मारत होते. त्याविरुद्ध बिशपांनी अमीनला लेखी निषेध पाठवला. १६ फेब्रुवारी १९७७ रोजी लुवुम आणि दोन मंत्री यांना पकडण्यात आलं. दुसऱ्या दिवशी सरकारने जाहीर केलं की तिघेही मोटार अपघातात गेले. लुवुमांच्या अंगावर गोळ्यांच्या जखमा होत्या. सेंटामू त्यांना मित्र म्हणायचे. त्या बातमीनंतर त्यांनी ठरवलं की अमीनने माझा मित्र मारला, आता त्याच्या जागी मी उभा राहीन. त्यांचं हे बोलणं प्रसिद्ध आहे.

ते बिशपांचं पत्र म्हणजे काय होतं? माणसाला कारण न देता उचलू नका, चौकशीशिवाय मारू नका. किवानुकांनी निकालपत्रात जे लिहिलं तेच बिशपांनी पत्रात लिहिलं, आणि एकाच माणसाने दोघांना संपवलं. सेंटामूंचा कायद्यावर विश्वास उरला नसता तर लुवुमांच्या जागेवर उभं राहण्यात काय अर्थ होता? ती जागाच कायदा मागणाऱ्याची होती. फक्त तिथे कोटाऐवजी पाळकाची पांढरी कॉलर घालून उभं राहायचं होतं.

आणि पुढे त्यांनी काय केलं ते बघा. पाळक म्हणून त्यांनी सुरुवातीला रिमांड सेंटरमध्ये, कच्च्या कैद्यांत काम केलं. मग दक्षिण लंडनमधल्या टल्स हिलला १९८३ पासून तेरा वर्षं. १९९६ मध्ये ते पूर्व लंडनमधल्या स्टेपनीचे बिशप झाले. त्या काळात पोलिसांनी त्यांना रस्त्यात थांबवून झडती घेतल्याचे प्रसंग त्यांनी स्वतः सांगितलेत. गळ्यातली पांढरी कॉलर दिसली की पोलिसाचा सूर बदलायचा. ज्याच्या गळ्यात कॉलर नाही त्या काळ्या मुलाशी तोच पोलीस कसा बोलत असेल, हे त्यांना कुणी समजावून सांगायला नको होतं.

२२ एप्रिल १९९३ च्या रात्री लंडनच्या एल्थम भागात, बसस्टॉपजवळ, स्टीफन लॉरेन्स या अठरा वर्षांच्या काळ्या मुलाला गोऱ्या पोरांच्या टोळक्याने भोसकून मारलं. संशयितांची नावं पहिल्या काही दिवसांतच पोलिसांकडे आली होती. अटकेला उशीर झाला, सरकारी खटला गुंडाळला गेला. आईवडिलांनी स्वतः खाजगी खटला लावला. तो १९९६ मध्ये कोसळला आणि तीन आरोपी निर्दोष सुटले. त्यांत गॅरी डॉब्सन होता.

१९९७ मध्ये निवृत्त न्यायाधीश विल्यम मॅकफर्सन यांच्याकडे चौकशी सोपवली गेली. त्यांच्यासोबत तीन सल्लागार नेमले, आणि त्यांतले एक सेंटामू. फेब्रुवारी १९९९ मध्ये अहवाल आला. त्यात ७० शिफारशी होत्या. लंडन पोलिसांत वंशभेद एखाद्या शिपायाच्या मनात नसून सगळ्या व्यवस्थेत मुरलेला आहे, हे एवढ्या अधिकृत कागदावर आलं. लोकांना अहवालातली ही गोष्ट आठवते. वकील म्हणून मला मात्र अडतिसावी शिफारस आठवते.

एकदा निर्दोष सुटलेल्यावर त्याच गुन्ह्यासाठी पुन्हा खटला नाही, हा नियम इंग्लंडमध्ये शेकडो वर्षांचा. आपल्या घटनेच्या कलम २०(२) मध्ये त्याच्याच जवळचं संरक्षण आहे. अहवालाने सुचवलं की नवा, सबळ पुरावा हाती आला तर वरच्या कोर्टाला पुन्हा खटला चालवू देण्याचा अधिकार असावा का, याचा विचार करा. शिफारस नाजूक होती. उद्या सरकार नको असलेल्या माणसाला पुन्हा पुन्हा पिंजऱ्यात उभं करील, ही भीती खरी आहे, आणि अमीनच्या तुरुंगातून आलेल्या माणसाला ती कुणी शिकवायला नको. तरीही ती शिफारस झाली. २००३ मध्ये कायदा बदलला, २००५ पासून लागू झाला. २०११ मध्ये अपील कोर्टाने डॉब्सनची निर्दोष मुक्तता रद्द केली. त्याच्या जाकिटाच्या कॉलरवर स्टीफनच्या रक्ताचा एक डाग सापडला होता, अर्धा मिलिमीटर लांब आणि त्याच्या निम्मा रुंद. मोहरीच्या दाण्यापेक्षा लहान. जानेवारी २०१२ मध्ये डॉब्सन आणि दुसरा संशयित डेव्हिड नॉरिस दोषी ठरले. खुनाला तेव्हा अठरा वर्षं उलटून गेली होती.

हा न्याय चर्चमध्ये मिळाला नाही. कोर्टातच मिळाला, नियम बदलून मिळाला, आणि तो बदल सुचवणाऱ्यांत एक बिशप होता. कायद्यावरचा विश्वास उडालेला माणूस कायदा दुरुस्त करायला महिनोन्महिने साक्षी ऐकत बसत नाही. पुढे डॅमिलोला टेलर या दहा वर्षांच्या मुलाच्या खुनाचा खटला फसला, तेव्हाही पुनरावलोकनाचं अध्यक्षपद सेंटामूंकडेच आलं.

“पहिला काळा बिशप” हे लवकर संपवतो. चर्च ऑफ इंग्लंडचे पहिले कृष्णवर्णीय बिशप विल्फ्रेड वूड, मूळचे बार्बाडोसचे, १९८५ मध्ये क्रॉयडनला. आणि इंग्लंडबाहेरच्या अँग्लिकन मंडळीत जायचं तर गुलामगिरीतून सुटलेले सॅम्युअल अजायी क्राउदर १८६४ मध्येच, कँटरबरीच्या कॅथीड्रलमध्ये, बिशप झाले होते. सेंटामू स्टेपनीनंतर २००२ मध्ये बर्मिंगहॅमचे बिशप झाले आणि २००५ मध्ये यॉर्कचे आर्चबिशप. चर्च ऑफ इंग्लंडचे कृष्णवर्णीय आर्चबिशप मात्र ते पहिलेच. २०२० मध्ये निवृत्त झाले. एवढं खरं असताना खोट्याची जोड कशाला?

बारच्या ग्रुपवरच्या त्या मित्रालाही उत्तर द्यायला हवं. ९ डिसेंबर २००७, बीबीसीवर अँड्र्यू मार यांची सकाळची मुलाखत. विषय झिंबाब्वेचा, तिथले तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष मुगाबे यांच्या राजवटीचा. बोलता बोलता सेंटामूंनी गळ्यातली पांढरी पट्टी काढली, कात्री घेतली आणि कॅमेऱ्यासमोर तिचे तुकडे केले. ही पट्टी माझी ओळख आहे, मुगाबेने त्याच्या लोकांच्या ओळखीचे असेच तुकडे केले आहेत, तो जाईपर्यंत मी कॉलर घालणार नाही, असं म्हणाले. दोन मिनिटांचा प्रसंग. त्याला नाटक म्हणणं सोपं आहे.

पण नाटक आठवड्याभरात संपतं. आर्चबिशप माणूस, शाही समारंभ, लग्नं, अंत्यविधी, संसदेत बसणं, आणि या सगळीकडे मोकळ्या गळ्याने. आमच्याकडे एखाद्या रविवारी पाळकसाहेब कॉलर न घालता आले तर दारातच चार जण विचारतात. सेंटामूंनी हे जवळजवळ दहा वर्षं केलं. मुगाबेंनी २१ नोव्हेंबर २०१७ रोजी राजीनामा दिला आणि पाच दिवसांनी सेंटामू त्याच कार्यक्रमात आले. मारनी जुने तुकडे जपून ठेवले होते, ते पुढे केले. हे तुकडे आता शिवून जोडता यायचे नाहीत, झिंबाब्वेलाही नव्यानेच सुरुवात करावी लागेल, अशा अर्थाचं बोलून त्यांनी नवी कॉलर घातली. दहा वर्षं पाळलेल्या शब्दाला माझ्या भाषेत प्रतिज्ञा म्हणतात.

राहिलं “एकही डाग नसलेलं आयुष्य”. हे लिहिताना मला जड जातंय, पण काकांना खरं सांगायचं तर हेही सांगायला हवं.

१९८० च्या दशकात एका पाळकाने आपल्यावर किशोरवयात लैंगिक अत्याचार केले, अशी तक्रार एका व्यक्तीने वरिष्ठांकडे नेली. २०१३ मध्ये तिचं पत्र आर्चबिशप सेंटामूंपर्यंत पोचलं. मे २०२३ मध्ये या प्रकरणाचा पुनरावलोकन अहवाल प्रसिद्ध झाला आणि पत्रावर सेंटामूंनी जे करायला हवं होतं ते केलं नाही, असा ठपका त्यात आला. सेंटामूंनी तो मान्य केला नाही. त्यांचं म्हणणं असं की कारवाईचा अधिकार त्या डायोसीसच्या, म्हणजे त्या धर्मप्रांताच्या, बिशपांचा होता, आर्चबिशपला त्यांच्या कामात हात घालता येत नाही, आणि चर्चचा कायदा हा देशाच्या कायद्याचाच भाग आहे. त्यानंतर न्यूकॅसलच्या बिशपनी त्यांना सेवेतून बाजूला व्हायला सांगितलं.

त्यांचं ते उत्तर मी वाचलं तेव्हा क्षणभर आमच्याच कोर्टात बसल्यासारखं वाटलं. ज्युरिस्डिक्शनचा, म्हणजे अधिकारक्षेत्राचा, आक्षेप आहे तो. मी स्वतः कितीदा घेतलाय, आणि त्यावर जिंकलोही आहे. कागदावर तो बरोबर असू शकतो. पण ज्याने पत्र लिहिलं त्याला कुणाची हद्द कुठे संपते हे विचारायचं नव्हतं. स्टीफन लॉरेन्सच्या आईवडिलांनाही वर्षानुवर्षं हेच ऐकवलं गेलं होतं की सगळं नियमाप्रमाणे चाललंय, आणि ते खोडून काढायला सेंटामू चौकशीत महिनोन्महिने बसले होते. २०१३ मध्ये त्यांनी नियमाची दुसरी बाजू धरली. माझ्या मते ते चुकले, आणि वकिलासारखे चुकले. “काळा कोट फेकला” म्हणणाऱ्या मेसेजला माझं शेवटचं उत्तर हेच आहे.

त्या पाळकावर २०१७ मध्ये आरोप ठेवले गेले. खटला उभा राहण्याआधीच त्याने आत्महत्या केली. पत्र लिहिणाऱ्याला कोर्टही मिळालं नाही.