खुलासा: ग्रीनलंड भारतापेक्षा लहान आहे

‘ग्रीनलंड भारताच्या कितीतरी पट, जवळपास आफ्रिकेएवढे’ असा मजकूर जगाच्या नकाशासह फिरतो आहे. तो चुकीचा आहे. ग्रीनलंडचे क्षेत्रफळ सुमारे २१.६६ लाख चौरस किलोमीटर, भारताचे ३२.८७ लाख. आफ्रिका तर ३ कोटींच्या वर, म्हणजे ग्रीनलंडच्या सुमारे १४ पट.

फसगत होते मर्केटर प्रक्षेपणामुळे, म्हणजे गोल पृथ्वी सपाट नकाशावर मांडण्याच्या एका पद्धतीमुळे. पृथ्वीगोलावर रेखावृत्ते ध्रुवाकडे जवळ येत जातात. या नकाशात ती समांतर ठेवलेली असतात. त्यामुळे ६० अंश अक्षांशावर पूर्व-पश्चिम अंतर दुप्पट ताणले जाते आणि कोन बिघडू नयेत म्हणून उत्तर-दक्षिणही तितकेच ताणावे लागते. क्षेत्रफळ चौपट! ७० अंशांवर ते साडेआठपट होते, आणि ग्रीनलंडचा बहुतेक भाग त्याच्याही उत्तरेला आहे.

‘आफ्रिकेला मुद्दाम लहान दाखवले’ हा त्याच मजकुरातला दावाही टिकत नाही. गेरार्डस मर्केटरने १५६९ साली हा नकाशा दर्यावर्दींसाठी केला. होकायंत्राची एकच दिशा धरून जाणारा मार्ग त्यावर सरळ रेषेत येतो, आणि त्या कामाला तो उत्तमच आहे. देशांची तुलना करायची असेल तर पृथ्वीगोल घ्या, किंवा गॉल-पीटर्ससारखा समक्षेत्र नकाशा. त्यात क्षेत्रफळाचे प्रमाण बरोबर असते, पण विषुववृत्ताजवळचे देश उभट दिसतात.